ब्यूटशायर (माजी संसदीय मतदारसंघ)

स्कॉटलंडच्या पश्चिमेस क्लाइडच्या खाडीतील बेटांचा काउंटी मतदारसंघ (१७०८–१९१८). ब्यूट, अ‍ॅरन, ग्रेट कम्ब्रे व लिट्ल कम्ब्रे ही त्यातील प्रमुख बेटे. काउंटीचे मुख्य ठिकाण ब्यूट बेटावरील रॉथसे.

इंग्लंड व स्कॉटलंडच्या १७०७ च्या एकीकरणानंतर ब्रिटिश संसदेच्या कनिष्ठ सभागृहात स्कॉटलंडला ४५ जागा मिळाल्या. त्यांपैकी ३० जागा ३३ काउंट्यांत वाटायच्या असल्याने सहा लहान काउंट्यांच्या तीन जोड्या केल्या गेल्या. ब्यूटशायरची जोडी दूर उत्तरेकडील केथनेसशी लागली : एका संसदेत एकीचा सदस्य, पुढच्या संसदेत दुसरीचा. १७१६ पासून संसदेची मुदत सात वर्षांची झाली. त्यामुळे पाळी नसली की काउंटीला पाच-सहा वर्षेसुद्धा स्वतःचा प्रतिनिधी नसे.

काउंटीतला मताधिकार जमीन कसण्यावर किंवा तिथे राहण्यावर अवलंबून नव्हता. थेट राजाकडून धारण केलेली, जुन्या आकारणीने ४० शिलिंगांची किंवा करपट्टीत ४०० स्कॉटिश पौंड मूल्याची जमीन नावावर असणाऱ्यालाच मत असे. (१२ स्कॉटिश पौंड म्हणजे एक स्टर्लिंग पौंड, म्हणजे ही रक्कम सुमारे ३३ पौंडांची.) खरी गोम पुढे होती. थेट राजाकडून जमीन धारण करण्याचा हा सरंजामी वरिष्ठ हक्क प्रत्यक्ष मालकीपासून वेगळा काढता येई. बडा जमीनदार जमीन व तिचे उत्पन्न स्वतःकडे ठेवून ४००-४०० पौंडांचे कागदी हक्क हयातीपुरते आपल्या माणसांच्या नावे करी आणि तेवढी मते वाढवी. असे नाममात्र मतदार रोखण्यासाठी हक्क नाममात्र नसल्याची शपथ घालण्यात आली. पण खोटी शपथ घेणारे निघतच, त्यामुळे तिचा उपयोग बेताचाच झाला. ब्यूटमध्ये वर्चस्व राहिले ते ब्यूटच्या अर्लांच्या स्टुअर्ट घराण्याचे.

१८३१ मध्ये निवडणूक सुधारणा विधेयकावरील चर्चेत लॉर्ड अ‍ॅडव्होकेटने (स्कॉटलंडसाठीचा सरकारचा मुख्य कायदा अधिकारी) याच काउंटीचा दाखला दिला. लोकसंख्या सुमारे १४,००० आणि मतदार २१. त्यांतला रहिवासी फक्त एक. पूर्वीच्या एका निवडणुकीत सरकारी अधिकाऱ्यांखेरीज एकच मतदार हजर होता. त्याने यादी वाचली, स्वतःच्या नावाला ‘हजर’ म्हटले, स्वतःला अध्यक्ष निवडले, स्वतःच्याच उमेदवारीला सूचक व अनुमोदक झाला आणि एकमताने निवडून आला. यात बेकायदा काहीच नव्हते, हाच त्या व्यवस्थेवरचा सर्वांत जड आरोप.

१८३२ च्या सुधारणा कायद्याने पाळीपद्धत मोडली आणि ब्यूटशायरला कायमचा सदस्य मिळाला. १० पौंड वार्षिक मूल्याच्या मालमत्तेच्या मालकांना मत मिळाले. तोवर एअर बरोंच्या (सनदी शहरांच्या) मतदारसंघात असलेले रॉथसेही काउंटीच्या मतदारसंघात आले. कुळांना मात्र लांब मुदतीचा भाडेपट्टा लागे, आणि १८७२ पर्यंत मतदान उघड असल्याने जमीनदाराला डावलणे अवघडच होते.

पुढे ही जागा बहुतांशी कॉन्झर्व्हेटिव्ह वकिलांकडे राहिली. जे. पी. बी. रॉबर्टसन (१८८५–९१) व अँड्रू ग्रॅहॅम मरे (१८९१–१९०५) हे दोघेही येथूनच स्कॉटलंडच्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयाच्या लॉर्ड प्रेसिडेंटपदी (मुख्य न्यायाधीशपदी) गेले. मरे यांच्या जागी १९०५ च्या पोटनिवडणुकीत लिबरल पक्षाचे नॉर्मन लॅमाँट निवडून आले. १९१८ मध्ये ‘ब्यूट अँड नॉर्दर्न एअरशायर’ मतदारसंघात या बेटांचा समावेश झाला. तोही १९८३ मध्ये रद्द झाला, तेव्हा ब्यूट बेट ‘अर्गाइल अँड ब्यूट’मध्ये, तर अ‍ॅरन व कम्ब्रे बेटे ‘कनिंगहॅम नॉर्थ’मध्ये गेली.