खरेदीखत दाखवले म्हणून दावा निकालात निघत नाही

प्रतिवादीने सातबारा आणि नोंदणीकृत खरेदीखत हजर केले की न्यायालय जमिनीचा दावा पुराव्याआधीच काढून टाकते, असे वर्षानुवर्षे ठामपणे सांगितले जाते. ते चूक आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 7 नियम 11 खालील, म्हणजे दावा सुरुवातीलाच नामंजूर करण्याच्या, अर्जावर न्यायालय केवळ वादपत्र (वादीचे दाव्याचे लेखी निवेदन) आणि वादीने त्यासोबत जोडलेली कागदपत्रे वाचते, आणि प्रतिवादीची कैफियत (लेखी उत्तर) कितीही भक्कम असली तरी त्या टप्प्यावर ती विचारात घेत नाही. सुरतच्या एका जमिनीचे खरेदीखत 2009 चे होते, आणि मोबदला पूर्ण मिळाला नाही म्हणून ते रद्द करण्याचा दावा 2014 मध्ये दाखल झाला. दावा दाखल करण्याची तीन वर्षांची मुदत उलटल्याचे खुद्द वादपत्रावरूनच दिसत असल्यामुळे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये वादपत्राची नामंजुरी कायम ठेवली. मात्र फसवणूक नेमकी कधी कळली यासारखी वादग्रस्त बाब मुदतीच्या मुळाशी असेल, तर साक्षीपुरावा घ्यावाच लागतो. अंतरिम आदेशाच्या अर्जावेळी अधिकारक्षेत्राची हरकत आल्यास ती आधी ठरवण्यास भाग पाडणारे याच संहितेतील महाराष्ट्रापुरते कलम 9-अ 2018 मध्ये वगळले गेले, हेही पक्षकारांना आवर्जून सांगायला हवे. वादपत्र नामंजूर झाले तरी मुदत शिल्लक असल्यास आदेश 7 च्याच नियम 13 नुसार त्याच कारणावर नवे वादपत्र दाखल करता येते.