भुताला मेमरी कार्ड कळत नाही

'सापडलेलं फुटेज' छापाच्या, म्हणजे पात्रांनीच चित्रित केल्यासारखं दाखवणाऱ्या भयपटांची टिंगल करणारे चित्रपटही निघाले. 2000 सालच्या 'स्केरी मूव्ही'नं कॅमेऱ्यापुढे नाक गळेपर्यंत रडण्याची खिल्ली उडवली, 2013 च्या 'अ हॉन्टेड हाऊस'नं घरात रात्रभर चालू ठेवलेल्या कॅमेऱ्याची. जीव मुठीत धरून पळणारा माणूस कॅमेरा का टाकत नाही, हा विनोद तर आता शिळा झाला. माझा आक्षेप वेगळाच आहे: भूत जवळ आलं की पडद्यावर मुंग्या का येतात?

1999 च्या 'द ब्लेअर विच प्रोजेक्ट'चा बराच भाग हाय-एट नावाच्या चुंबकीय व्हिडिओ टेपवर चित्रित झाला होता. टेपवर मुंग्या रास्त आहेत. चुंबकीय सिग्नल क्षीण झाला की उरलेला गोंगाटच यंत्र चित्र म्हणून दाखवतं. मेमरी कार्डवर मात्र नुसते आकडे असतात, तेही काटकसरीनं लिहिलेले. एच.264 या व्हिडिओ आटोपशीर करून साठवण्याच्या पद्धतीत कॅमेरा अधूनमधून एखादी फ्रेम पूर्ण साठवतो. मधल्या फ्रेममध्ये '16 बाय 16 पिक्सेलचा हा चौकोन इतका सरकला, वर एवढा फरक' इतकंच. वाण्याच्या उधारीच्या वहीतलं मागील बाकीचं पान फाटलं, तर पुढची प्रत्येक बेरीज चुकणार. तसंच इथं. पूर्ण फ्रेम बिघडली की सोफ्याचे तुकडे हिरोच्या चेहऱ्याबरोबर फरपटत जातात, आणि पुढची पूर्ण फ्रेम आली की सगळं एकदम लख्ख.

कधी हिरवे पट्टे दिसतात, ते तर मला फारच आवडतात. व्हिडिओत लाल-हिरवा-निळा असं न साठवता एक आकडा उजेडाचा आणि दोन रंगाचे साठवतात. 0 ते 255 च्या मोजपट्टीवर रंगाच्या आकड्यांचं शून्य 0 वर नसून 128 वर असतं. माहिती गहाळ होऊन तिन्ही जागी 0 राहिले, तर पडद्यासाठी लाल-हिरवा-निळा काढणाऱ्या प्रचलित सूत्रानं लाल आणि निळा ऋण होतात, म्हणजे 0 धरले जातात. हिरवा मात्र 0.344 × 128 + 0.714 × 128, म्हणजे सुमारे 135 भरतो. गडद हिरवा! यात अमावास्येचा काही संबंध नाही.

व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या सीसीटीव्हीतल्या 'पांढऱ्या आकृती'चंही असंच. पुष्कळदा तो भिंगासमोर जाळं विणणारा कोळी असतो, इन्फ्रारेड दिव्यांनी उजळलेला. मांत्रिक कशाला, झाडू पुरे.

विडंबन करायचंच तर असं करा: भूत अंगावर येतंय, पडद्यावर फक्त सोफ्याचे चौकोन, आणि नायिका ओरडतेय, "थांब रे, पुढची पूर्ण फ्रेम येऊ दे!"