गवा नाही दिसला? मग पान बघा

दाजीपूरहून परतलेल्या कोल्हापूरकराला पहिला प्रश्न ठरलेला : गवा दिसला का? नसेल दिसला तर फेरी फुकट गेली, असा आपला हिशेब. 1958 साली अभयारण्य झालं तेही गव्यांसाठीच, मग झाडांना कोण विचारतो! 2012 मध्ये पश्चिम घाटाला जागतिक वारशाचा दर्जा मिळाला तेव्हा त्या यादीत राधानगरी अभयारण्य (दाजीपूर त्यातलंच) आलं, ते मात्र एकट्या गव्याच्या जोरावर नव्हे.

पायवाटेला लागलं की सगळं एकसारखंच हिरवं वाटतं. झाड ओळखायला फुलं शोधत बसू नका, आपल्या सुट्टीच्या दिवशी ती नेमकी नसतात. पानं बारमाही असतात. या जंगलात अंजन, जांभूळ आणि पिसा हे त्रिकूट जागोजागी भेटतं. अंजन आणि जांभूळ दोघांचीही पानं फांदीवर समोरासमोर, जोडीनं येतात, त्यामुळे गल्लत ठरलेलीच. अभयारण्यात पान तोडायचं नाही. खाली पडलेलं उचला आणि उन्हासमोर धरा. जांभळाच्या पानात सुईनं टोचल्यासारखे बारीक पारदर्शक ठिपके दिसतात. त्या तेलाच्या ग्रंथी. कडेलगत एक शीरही पानाला वळसा घालत जाते. पेरू, लवंग, निलगिरी ही याच कुळातली मंडळी. परसातल्या पेरूच्या पानावर हा प्रयोग आधी करून बघा. अंजनाचं पान जाड, चिवट. मधली शीर सोडली तर बाकीच्या जवळजवळ दिसतच नाहीत. उन्हाळ्याच्या तोंडाशी त्याच्या जुन्या, निष्पर्ण फांद्यांनाच निळ्या-जांभळ्या फुलांचे झुबके लगडतात, तेव्हा मात्र ते लांबूनही ओळखू येतं. (खानदेशातला अंजन वेगळा, बरं का.)

पिसा सोपा. फांदीच्या टोकाशी पानांचा घोस आणि पानाची खालची बाजू पांढुरकी. हा दालचिनीचा भाऊबंद.

जरा उघड्या, पानगळीच्या रानात ऐन लागतो. त्याची साल मगरीच्या पाठीसारखी चौकोनी भेगाळलेली, पान बघायचीही गरज नाही.

आणि नरक्या. फुलांना घाण वास येतो, नाव शोभतं. पण या झाडात कॅम्प्टोथेसिन नावाचं द्रव्य असतं, आणि त्यापासून कर्करोगावरची औषधं बनतात. म्हणूनच पश्चिम घाटात याची चोरटी तोड झाली. तेव्हा नरक्या ओळखलात तर फोटो खुशाल टाका, लोकेशन तेवढं टाकू नका.