राष्ट्रीय महामार्गासाठी संपादित जमिनीचा मोबदला : निश्चिती, पात्रता आणि कागदपत्रे

राष्ट्रीय महामार्गासाठी जमिनीचे संपादन राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, १९५६ खाली होते. मात्र १ जानेवारी २०१५ पासून मोबदल्याची रक्कम २०१३ च्या भूसंपादन कायद्यातील तरतुदींप्रमाणे काढावी लागते. गावोगावी चर्चा होते ती मुख्यतः दराची. दर महत्त्वाचा आहेच, परंतु संयुक्त मोजणीच्या पत्रकात विहीर, जलवाहिनी किंवा फळझाडे नोंदवायची राहून गेली, तर दर कितीही चांगला लागला तरी त्या वस्तूंची किंमत निवाड्यात, म्हणजे मोबदला ठरवणाऱ्या आदेशात, येत नाही. म्हणून मोजणीच्या दिवशी खातेदाराने स्वतः शेतात हजर राहावे, प्रत्येक वस्तूची नोंद झाल्याची खात्री करावी आणि पत्रकाची प्रत मागून घ्यावी.

प्रक्रियेची सुरुवात महामार्ग अधिनियमाच्या कलम ३-ए खालील, जमीन घेण्याचा इरादा जाहीर करणाऱ्या राजपत्रातील अधिसूचनेने होते. तिचा सारांश दोन स्थानिक वृत्तपत्रांत प्रसिद्ध केला जातो. अधिसूचनेपासून २१ दिवसांच्या आत कलम ३-सी प्रमाणे सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे बहुतेक ठिकाणी उपविभागीय अधिकारी किंवा उपजिल्हाधिकारी (भूसंपादन) यांच्याकडे, लेखी हरकत देता येते. ही हरकत जमिनीच्या वापराबद्दलची असते. दराची मागणी येथे लिहून भागत नाही, ती पुढे कलम ३-जी च्या, म्हणजे मोबदला निश्चितीच्या, टप्प्यावर मांडायची असते. त्यानंतर कलम ३-डी ची अधिसूचना निघते आणि जमीन केंद्र शासनाकडे निहित होते, म्हणजे तिची मालकी शासनाकडे जाते. ३-ए नंतर एका वर्षात ३-डी निघाली नाही, तर आधीची अधिसूचना निष्प्रभ ठरते. मात्र न्यायालयाच्या स्थगितीचा काळ या वर्षात धरला जात नाही.

बाजारमूल्य ३-ए च्या तारखेला धरले जाते. मुद्रांक शुल्कासाठीचा शासकीय दर, ज्याला आपण रेडीरेकनर म्हणतो, आणि त्या तारखेपूर्वीच्या तीन वर्षांत गावात किंवा लगतच्या परिसरात नोंदलेल्या, तशाच प्रकारच्या जमिनींच्या खरेदीखतांपैकी सर्वाधिक किमतीच्या निम्म्या खरेदीखतांची सरासरी, यांपैकी जी रक्कम जास्त असेल ती घ्यावी लागते. त्यावर गुणक लागतो: नागरी भागात १, ग्रामीण भागात १ ते २ च्या दरम्यान, राज्य शासन ठरवील तो. महाराष्ट्राने २०२१ मध्ये राष्ट्रीय महामार्गांसाठी ग्रामीण गुणक २ वरून १ वर आणला आणि शेतकऱ्यांचा मोबदला त्यामुळे मोठ्या प्रमाणात घटला. म्हणून आपल्या प्रकरणाला कोणती अधिसूचना लागू केली आहे, हे निवाड्यात आवर्जून तपासावे. गुणकानंतर झाडे, विहीर, घर यांचे मूल्य मिळवले जाते, त्या बेरजेइतकीच दिलासा रक्कम दिली जाते आणि ३-ए पासून निवाडा किंवा ताबा, यांपैकी आधीच्या तारखेपर्यंत बाजारमूल्यावर दरसाल १२ टक्के वाढीव रक्कम मिळते.

केवळ समजण्यासाठी एक हिशोब पाहू. जमिनीचे बाजारमूल्य ८ लाख रुपये, गुणक १, झाडे व विहीर मिळून २ लाख. बेरीज १० लाख, दिलासा १० लाख, एका वर्षाचे १२ टक्के ९६ हजार. एकूण २०,९६,००० रुपये. गुणक २ असता, तर १२ टक्के सोडूनच ही रक्कम ३६ लाख झाली असती. याखेरीज जमिनीचे दोन तुकडे पडून उरलेला भाग कसण्यास गैरसोयीचा झाला, किंवा घर व व्यवसाय हलवावा लागला, तर त्याचे नुकसान स्वतंत्रपणे मागता येते. ही मागणी अनेक अर्जांत राहून जाते.

मोबदल्यावर हक्क सातबाऱ्यावरील खातेदार, सहहिस्सेदार, वारस आणि कूळ यांचा असतो. बँकेचा बोजा असल्यास बँकेचाही विचार होतो. अर्जासोबत अद्ययावत सातबारा व आठ-अ, संबंधित फेरफार, मोजणी नकाशा, आधार, पॅन, बँक पासबुकाची प्रत आणि कार्यालयाने मागितल्यास हमीपत्र वा बंधपत्र द्यावे लागते. मयत खातेदाराच्या नावावर सातबारा तसाच असेल, तर ३-ए निघताच वारस नोंदीचा अर्ज तलाठ्याकडे द्यावा. भावकीत वाटणीचा वाद राहिला, तर सक्षम प्राधिकारी तो प्रश्न दिवाणी न्यायालयाकडे पाठवतो आणि पैसे तोपर्यंत अडकून पडतात. त्यामुळे आपसांतील संमतिपत्र वेळेत करणे सर्वांच्याच हिताचे असते.

निवाड्यातील रक्कम मान्य नसेल, तर कलम ३-जी(५) खाली केंद्र शासनाने नेमलेल्या लवादाकडे अर्ज करता येतो. रक्कम उचलताना ती हरकत राखून स्वीकारत असल्याचे लेखी नोंदवावे. लवादाने वाढवलेल्या रकमेवर ताब्याच्या तारखेपासून ९ टक्के व्याज मिळू शकते. दुय्यम निबंधक कार्यालयातून काढलेल्या खरेदीखतांच्या प्रमाणित प्रती, गावाचा नकाशा, झाडांचे व बांधकामाचे मूल्यांकन अहवाल आणि मोजणी पत्रक हा सर्व पुरावा येथेच दाखल करावा, कारण पुढे जिल्हा न्यायालयात लवाद कायदा, १९९६ च्या कलम ३४ खाली, तीन महिन्यांच्या मुदतीत, लवादाच्या निवाड्याला आव्हान देता येत असले, तरी ते अपील नव्हे आणि न्यायालय पुरावा नव्याने तपासून दर वाढवून देत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये याच कायद्याच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे.