गोट चीज तव्यावर सांडतंय? वॉर्म सॅलड करायच्या आधी हे वाचा

आमचा गोट चीजचा, म्हणजे शेळीच्या दुधाच्या चीजचा रोल घेतलात, थँक्यू. आता दोन मिनिटं हेही वाचा, कारण दर वीकेंडनंतर आम्हाला तव्याचे फोटो येतात. पांढरा लगदा, त्यात सालीची (चीजच्या बाहेरच्या थराची) रिकामी रिंग, आणि खाली "चीज खराब निघालं". खराब नव्हतं हो, फक्त गार नव्हतं.

यात थोडी चूक आमचीच आहे. लेबलवर आम्हीच लिहिलंय की खायच्या तासभर आधी फ्रीजबाहेर काढा. पण ते नुसतं खायचं असेल तर, कारण गारेगार चीजला चव कमी लागते. वॉर्म सॅलडला, म्हणजे पानांवर टोस्ट आणि त्यावर गरम चीज असतं त्याला, बरोब्बर उलटं, फ्रीजमधून काढा, कापा आणि थेट गरम ओव्हनमध्ये टाका. आधीच मऊ पडलेलं चीज वर रंग यायच्या आतच बसतं. गार असेल तर वरून सोनेरी होईपर्यंत आतून नुसतं मऊ होतं आणि आपल्याला तेवढंच तर हवं असतं.

चकती दीड सेंटीमीटर जाड ठेवा. पातळ कापली की जास्त लोकांना पुरेल असं वाटतं, पण पुरत नाही, विरघळते. सुरीला चीज चिकटत असेल तर साधा स्वच्छ दोरा रोलभोवती घेऊन ओढा. "तुम्हीच कापून द्या ना" असंही बरेच जण म्हणतात, आम्ही देत नाही आणि त्यात आळस नाहीये, कापलेली बाजू दोन दिवसांत सुकते, साल सुटायला लागते आणि मग परत तेच फोटो.

साल काढायची नाही, ती खायचीच असते आणि चकतीला धरून ठेवायचं कामही तीच करते. म्हणून डब्यातलं बिनसालीचं फ्रेश चीज यासाठी नेऊ नका, ते गारच चुरून घाला, मस्त लागतं. आणि रोल घेताना "सॅलडसाठी" एवढं सांगा, आम्ही जरा जास्त दिवस मुरलेला काढून देतो, त्यातलं पाणी कमी झालेलं असतं त्यामुळे तो नीट उभा राहतो.

ओव्हनचं ग्रिल आधी 10 मिनिटं तापवून घ्या. ब्रेडची चकती एका बाजूने भाजा, उलटी करा, कच्च्या बाजूवर चीज ठेवा, साधारण ब्रेडएवढंच, नाहीतर उघड्या कडा जळतात. मग 3 ते 5 मिनिटं, आणि तिथेच उभं राहून, फोन बाजूला ठेवून. ओव्हन नसेल तर मैदा, फेटलेलं अंडं, ब्रेडक्रम्स असं लावून 20 मिनिटं फ्रीजरला ठेवा आणि गरम तेलात दोन्ही बाजूंनी मिनिटभर परता. कोटिंग न लावता तव्यावर टाकायचं नाही, प्लीज.

"पिझ्झासारखी तार का येत नाही" हाही नेहमीचा प्रश्न. आम्ही दूध मुख्यतः आंबटपणावर सावकाश, रात्रभर लावतो, आणि त्या आंबटपणामुळे दुधातल्या प्रोटीनला बांधून ठेवणारं कॅल्शियम निघून जातं, मग ताणायला काही उरतच नाही. घाईत लावता येतं, पण ही चव येत नाही. फ्रान्समध्ये ज्या सॅलडला 'शेव्र शो' म्हणजे गरम गोट चीज म्हणतात त्यातही तार नसते. तिथे ल्वार नदीकडचं क्रोतँ द शाविन्योल हे छोटं गोल गोट चीज (1976 पासून या नावाला कायद्याचं संरक्षण आहे) बऱ्याचदा आडवं अर्धं कापून टोस्टवर गरम करतात, आमच्या रोलच्या चकतीचं गणित तेच.

बाकी सॅलड सोपंय. पानं अगदी कोरडी करा, ड्रेसिंग तीन भाग तेल, एक भाग व्हिनेगर, थोडी मस्टर्ड, मीठ मात्र हात राखून कारण चीज खारट असतं. अक्रोड हवेतच, मध थेंबभर आणि तोही चीजवर, पानांवर नाही. पानांना ड्रेसिंग चीज ओव्हनमध्ये गेल्यावरच लावा.

उरलेला रोल प्लास्टिकमध्ये गच्च गुंडाळू नका, घाम येऊन साल चिकट होते. आमच्याच कागदात ठेवा, फाटला तर पुढच्या खेपेला मागून घ्या, आम्ही देतो.