ऑनलाइन व्हिडिओ, इंडोनेशियाच्या लोकरंजनातील

यूट्यूब, टिकटॉक आदी माध्यमांवरील चित्रफितींना इंडोनेशियाच्या लोकरंजनात स्थूलमानाने २०१० नंतर मिळालेले मध्यवर्ती स्थान. गायन, विनोद, मुलाखती आणि कलावंतांची घरगुती दिनचर्या हे त्यांतील प्रमुख प्रकार.

उगम : प्रारंभकाळाविषयी एकवाक्यता नाही. रूढ समजुतीनुसार २०१० हे आरंभवर्ष होय. त्या वर्षी बांडुंगच्या शिंता व जोजो या विद्यार्थिनींनी ‘केओंग राचुन’ या दांगदुत (इंडोनेशियातील एक लोकप्रिय संगीतप्रकार) गीतावर नुसते ओठ हलवून केलेला अभिनय घरच्या वेबकॅमवर टिपला. तो देशभर पाहिला गेला. पुढच्याच वर्षी गोरोंतालोचा पोलीस शिपाई नॉर्मन कामारू याने गणवेशात ‘छैंया छैंया’ या हिंदी गाण्यावर असाच अभिनय केला. त्याला दूरचित्रवाणीची आमंत्रणे आली, त्याचे गाणे निघाले आणि वर्ष सरण्यापूर्वी त्याची पोलीस सेवाही संपुष्टात आली. (हिंदी चित्रपटगीतांचे दांगदुतवर जुने ऋण असल्याने त्या गाण्याची निवड तिथे कोणाला फारशी विलक्षण वाटली नसावी.) व्यवसायाच्या अंगाने पाहणारे मात्र २०१२ कडे बोट दाखवतात, कारण त्या वर्षी यूट्यूबची इंडोनेशियासाठीची स्वतंत्र आवृत्ती सुरू झाली.

तिसरे मत मुळे आणखी मागे, व्हीसीडीच्या (व्हिडिओच्या तबकड्यांच्या) काळात शोधते. पूर्व जावात लग्नकार्यांत व जत्रांत होणारे दांगदुतचे कार्यक्रम स्थानिक चित्रणकार टिपत आणि त्यांच्या तबकड्या बाजारात अल्प किमतीत विकल्या जात. त्यांच्या नकली प्रती त्याहून स्वस्त असत. पासुरुआनची गायिका इनुल दारातिस्ता ध्वनिमुद्रण कंपनीच्या पाठबळाविना, अशा नकली तबकड्यांतूनच जावाभर पोचली. २००३ च्या सुमारास राष्ट्रीय वाहिन्यांनी तिला उचलले, तेव्हा ज्येष्ठ गायक रोमा इरामा यांनी तिच्या नृत्याला जाहीर विरोध केला. वाहिन्यांच्या परवानगीवाचून प्रसिद्धी आणि मग वाहिन्यांचीच धावाधाव, हा क्रम नंतरच्या यूट्यूबकाळातही तसाच आढळतो. म्हणून हे मत अधिक सयुक्तिक दिसते.

प्रादेशिक भाषा : दांगदुतचा द्रुत लयीचा कोप्लो हा प्रकार व्हीसीडीवरून थेट यूट्यूबवर आला. त्यातील सिदोआर्जोची गायिका व्हिया व्हालेन हिने २०१८ च्या जाकार्ता आशियाई क्रीडास्पर्धेच्या उद्घाटनात अधिकृत गीत गायिले. जावानीज भाषेत विरहगीते गाणारे सुराकार्ताचे दिदी केम्पोत यांना २०१९ मध्ये, कारकिर्दीच्या उत्तरार्धात, तरुण श्रोते लाभले ते चित्रफितींमुळेच; मे २०२० मध्ये त्यांचे निधन झाले. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ‘तिलिक’ हा २०१८ चा जावानीज लघुपट यूट्यूबवर आला. ट्रकमधून रुग्णालयात निघालेल्या गावच्या बायकांच्या कुजबुजीवर तो बेतलेला असून त्यातील तोंडाळ बू तेजो घरोघरी पोचली. पूर्वेकडील फ्लोरेस, अंबोन व पापुआ येथील गीतेही याच मार्गाने जावात आली.

दूरचित्रवाणीशी संबंध : तो स्पर्धेचा आहे तसाच देवाणघेवाणीचाही. राफी अहमद यांच्यासारखे वाहिन्यांवरचे कलावंत स्वतःच्या यूट्यूब वाहिन्या काढू लागले. उलट, ‘आत्ता हालिलिंतार’ या नावाचा कलावंत मुळातच यूट्यूबवर घडलेला. एप्रिल २०२१ मध्ये त्याच्या विवाहाचे प्रक्षेपण आरसीटीआय या खाजगी वाहिनीने केले आणि तत्कालीन राष्ट्राध्यक्ष जोको विडोडो समारंभास उपस्थित राहिले.

नियमन : २००२ च्या प्रसारण कायद्यात इंटरनेटचा स्पष्ट समावेश नाही. प्रसारण आयोगाने २०१९ मध्ये यूट्यूब व नेटफ्लिक्सवर देखरेखीचा मनोदय व्यक्त करताच जनतेतून विरोध झाला. इंटरनेटवरील दृकश्राव्य सेवाही या कायद्याखाली याव्यात, अशी याचिका २०२० मध्ये आरसीटीआय व आयन्यूज या वाहिन्यांनी संविधान न्यायालयात केली. विशेष म्हणजे, हालिलिंतारचा विवाह दाखवणारी आरसीटीआय तीच. जानेवारी २०२१ मध्ये न्यायालयाने याचिका फेटाळली. त्यापूर्वी टिकटॉकवर जुलै २०१८ मध्ये काही दिवस बंदी होती. नेटफ्लिक्स सरकारी मालकीच्या टेल्कॉम या दूरसंचार कंपनीच्या जाळ्यावर २०१६ पासून जुलै २०२० पर्यंत बंद होते.