परक्या नकाशावर आपली गाडी : मोबाइल खेळांतील वाहन-मॉडिंगची पार्श्वभूमी

मोबाइलवरील खेळात निर्मात्याने दिलेली गाडी काढून तिच्या जागी आपल्याला हवी ती गाडी बसवणे, याला खेळणारे ‘मॉड टाकणे’ म्हणतात. फुकट नाणी किंवा सगळ्या गाड्या खुल्या करून देणारे फोडलेले खेळही याच नावाने फिरतात. त्यांचा प्रस्तुत टिपणाशी संबंध नाही. येथे विचार आहे तो नवी गाडी घडवून खेळात आणणाऱ्यांचा. या छंदामागे मला दोन गोष्टी दिसतात. परदेशात बनलेल्या खेळात आपल्या रस्त्यावरची गाडी चालवून पाहण्याची ओढ ही पहिली, आणि खेळाच्या फाइलपर्यंत पोहोचण्याची वाट त्या त्या काळात किती मोकळी होती, ही दुसरी.

या वाटेची सुरुवात संगणकावर झाली. डिसेंबर 1993 मध्ये आलेल्या ‘डूम’ या खेळात नकाशे, चित्रे आणि आवाज हे मूळ प्रोग्रामपासून वेगळ्या, ‘वॅड’ नावाच्या फाइलमध्ये ठेवलेले होते. त्यामुळे प्रोग्रामला हात न लावता ती सामग्री बदलता येऊ लागली. 1999 साली आलेल्या ‘मिडटाउन मॅडनेस’ आणि ‘री-व्होल्ट’ या खेळांभोवती स्वतःच्या गाड्या बनवणाऱ्यांचे गट उभे राहिले, आणि थ्रीडी मॉडेल घडवण्याचे कौशल्य हौशी मंडळींच्या हाती आले.

‘ग्रँड थेफ्ट ऑटो’ मालिकेतील ‘जीटीए : सॅन अँड्रियास’ने मात्र या कौशल्याला खरा विस्तार दिला. हा खेळ ऑक्टोबर 2004 मध्ये प्लेस्टेशन 2 वर आणि जून 2005 मध्ये संगणकावर आला. त्यातील वाहनांना 400 ते 611 असे क्रमांक आहेत, म्हणजे एकूण 212 वाहने. प्रत्येक वाहनाचा आकार ‘डीएफएफ’ फाइलमध्ये, त्यावरचे रंग-चित्र ‘टीएक्सडी’ फाइलमध्ये, आणि चालण्याचा स्वभाव ‘हँडलिंग’ नावाच्या साध्या मजकुराच्या फाइलमध्ये एका ओळीत लिहिलेला असे. त्या ओळीत गाडीचे वजन किलोग्रॅममध्ये, गुरुत्वमध्य, गिअरची संख्या, कमाल वेग, ब्रेकचा जोर असे आकडे असत. ओढ पुढच्या चाकांना, मागच्या चाकांना की चारही चाकांना, हे एका अक्षराने आणि इंजिन पेट्रोलचे, डिझेलचे की विजेचे, हे दुसऱ्या अक्षराने ठरे. साध्या नोटपॅडमध्ये उघडणाऱ्या या एका ओळीने कितीतरी मुलांना गुरुत्वमध्य म्हणजे काय आणि तो वर सरकला की वळणावर गाडी का कलंडते, हे शिकवले आहे. मला या छंदाचे सर्वांत मोलाचे अंग हेच वाटते.

मोबाइलवर हा प्रकार आधीपासून होता, पण तोकड्या स्वरूपात. जावा फोनवरचा खेळ ‘जार’ फाइलमध्ये येई आणि ती फाइल आतून झिपच असल्याने ती उघडून गाडीचे चित्र बदलता येई. परंतु बदल चित्रापुरताच राही. अँड्रॉइड आल्यावर फाइल मॅनेजरने फोनच्या फोल्डरमध्ये शिरण्याची सोय झाली. मार्च 2012 मध्ये गूगलने मोठ्या खेळांसाठी ‘ओबीबी’ फाइलची व्यवस्था आणली. मुख्य ॲप 50 एमबीच्या मर्यादेत आणि बाकी सामग्री प्रत्येकी 2 जीबीपर्यंतच्या दोन वेगळ्या फाइलमध्ये, अशी ती रचना होती. खेळाचे सामान पुन्हा एकदा प्रोग्रामपासून वेगळे आणि हाताला लागेल असे पडले.

डिसेंबर 2013 मध्ये ‘सॅन अँड्रियास’ मोबाइलवर आला, तेव्हा संगणकावरच्या हजारो तयार गाड्या तशाच उचलून फोनमध्ये टाकता येतील, अशी अनेकांची समजूत झाली होती. ती खरी ठरली नाही. मोबाइल आवृत्तीत गाडीचा आकार जुन्या पद्धतीच्या फाइलमध्येच राहिला, पण रंग-चित्रे तेथून काढून एका वेगळ्या साठ्यात ठेवली गेली, आणि फोनमधील ग्राफिक्स चिप निरनिराळ्या असल्यामुळे त्या साठ्याचेही वेगवेगळे प्रकार करावे लागले. गाडी बसे, पण तिचे चित्र बसवणे फार किचकट होई. या अडचणीतून ‘डीएफएफ ओन्ली’ हा खास मोबाइलचा प्रकार जन्मला. त्यात गाडीवर स्वतंत्र चित्र नसतेच. दिवे, जाळी, दारांच्या फटी, कंपनीचे चिन्ह हे सर्व आकार आणि सपाट रंग यांतूनच घडवायचे, आणि तेही साध्या फोनला पेलेल इतक्या कमी पॉलिगॉनमध्ये, म्हणजे आकार घडवणाऱ्या सपाट तुकड्यांमध्ये. अडचणीतून शैली निर्माण झाल्याचे इतके स्वच्छ उदाहरण या क्षेत्रात दुसरे मला ठाऊक नाही.

दुसरा आणि आपल्याशी जास्त जवळचा प्रवाह इंडोनेशियातून आला. तेथील मॉडरांनी चेक प्रजासत्ताकातील एससीएस सॉफ्टवेअरचे ट्रकचे खेळ, आधी 2006 चा ‘हॉलिन’ आणि पुढे 2012 चा ‘युरो ट्रक सिम्युलेटर 2’, हाती घेऊन त्यांत जावा बेटावरच्या बसगाड्या आणल्या होत्या. मुळात ट्रकसाठी बनलेल्या खेळात बस चालवण्याची ही हौस तिथल्या बसवेडातूनच आली होती. रस्त्याच्या कडेला उभी राहून चालकाला सुरेल हॉर्न वाजवायला सांगणारी ‘ओम टेलोलेट ओम’ म्हणणारी मुले डिसेंबर 2016 मध्ये जगभर पोहोचली. 2017 साली मालेओ या तेथील कंपनीने मोबाइलसाठी ‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’ आणला. आपल्याकडे खेळणाऱ्यांच्या तोंडी तो ‘बुसिड’ झाला. त्यात तो हॉर्न होता, बसवर स्वतःची लिव्हरी म्हणजे बाहेरची रंगसजावट चढवण्याची सोय होती, आणि पुढे स्वतःचे थ्रीडी मॉडेल बसवण्याची व्यवस्थाही खेळातच देण्यात आली. आजवर मॉडर चोरपावलांनी आत शिरत होता; येथे निर्मात्यानेच दार उघडून दिले. ‘बुसिड’मॉडची फाइल ठरलेल्या फोल्डरमध्ये ठेवली की गॅरेजमध्ये गाडी हजर होई, त्यासाठी फोन रूट करण्याची, म्हणजे त्याची आतली कुलुपे तोडण्याची, गरज नव्हती.

भारतात सप्टेंबर 2016 मध्ये जिओची सेवा सुरू झाली आणि मोबाइल डेटा एकाएकी स्वस्त झाला. संगणक ज्यांच्या घरी कधी आलाच नाही अशा मुलांना मोठ्या फाइल उतरवून घेणे परवडू लागले. केरळमधील मॉडरांनी ‘बुसिड’मध्ये विशेष नाव कमावले, कारण तेथील पर्यटक बसवरची चित्रे, दिवे आणि आवाज हा आधीच लोकांच्या कौतुकाचा विषय होता. 5 ऑक्टोबर 2022 च्या रात्री पालक्काड जिल्ह्यात वडक्कंचेरीजवळ शालेय सहलीची अशीच एक बस राज्य परिवहनच्या बसवर आदळून 9 जणांचे प्राण गेले. त्यानंतर पर्यटक बसना एकसारखा पांढरा रंग देण्याच्या नियमाची कडक अंमलबजावणी सुरू झाली. जिवांचा प्रश्न असताना हा कठोरपणा योग्यच होता. रस्त्यावरून उतरलेली ती चित्रे खेळातल्या लिव्हरींमध्ये मात्र टिकून राहिली.

महाराष्ट्रात स्वाभाविकपणे एसटी आली. 1 जून 1948 रोजी पुणे-अहमदनगर मार्गावर पहिली बस धावल्यापासून एसटीने जितक्या जणांचे लहानपण वाहून नेले, तितकी ओढ दुसऱ्या कोणत्या वाहनाबद्दल मराठी मुलांना असेल असे वाटत नाही. लाल परी, शिवशाही आणि शिवनेरी यांची रूपे घेतलेल्या लिव्हरी आणि मॉड त्यातून तयार झाल्या. एसटीच्या बसची बांधणी दापोडी, हिंगणा आणि चिकलठाणा येथील महामंडळाच्या स्वतःच्या कार्यशाळांत होत आली आहे. त्यामुळे मन लावून काम करणारा मॉडर केवळ लाल रंग फासून थांबत नाही. टपावरचा कॅरियर, मागची शिडी, खिडक्यांचे गज, पुढचा मार्गफलक आणि बाजूला लिहिलेले आगाराचे नाव या गोष्टी तो छायाचित्रांवरून जुळवतो. त्या त्या वर्षीच्या बांधणीची ही एक प्रकारची नोंदच असते, आणि ती जपून ठेवायला हवी असे मला मनापासून वाटते.

मालकीचा प्रश्न मात्र सुरुवातीपासून चिघळलेला आहे. एका खेळासाठी घडवलेले मॉडेल दुसऱ्या खेळात नेण्याला ‘कन्व्हर्ट’ करणे म्हणतात. मूळ घडवणाऱ्याची परवानगी न घेता, त्याचे नावही न देता केलेल्या कन्व्हर्टवरून वाद होतात. मग फाइलला पासवर्ड लावणे, मॉडेल पुन्हा बदलता येऊ नये म्हणून ते बंदिस्त करणे, असे उपाय निघाले. महिनाभर खपून घडवलेल्या गाडीखालून आपले नाव पुसले गेलेले पाहणे क्लेशदायक असते, हे मान्य केलेच पाहिजे. त्याच वेळी, गाडीचा आकार आणि चिन्ह मूळ वाहन कंपनीचे असते, हेही मॉडरांना विसरून चालत नाही.

सप्टेंबर 2020 मध्ये आलेल्या अँड्रॉइड 11 ने एका ॲपला दुसऱ्या ॲपच्या डेटा आणि ओबीबी फोल्डरमध्ये शिरण्यास मज्जाव केला, आणि नंतरच्या आवृत्त्यांनी उरलेल्या फटीही बुजवत नेल्या. वापरकर्त्याच्या खासगी माहितीच्या रक्षणासाठी केलेल्या या बदलाचा फटका फाइल मॅनेजरने गाडी बदलणाऱ्यांना बसला. अनेकांना आता फोन संगणकाला जोडून ते काम करावे लागते, तर काही जण त्यासाठीच जुना फोन बाळगून आहेत. डिसेंबर 2023 मध्ये ‘सॅन अँड्रियास’ची नवी मोबाइल आवृत्ती नेटफ्लिक्सवरून आली. ती वेगळ्या इंजिनवर, म्हणजे खेळ चालवणाऱ्या वेगळ्या मूळ प्रोग्रामवर, बांधलेली असल्यामुळे जुन्या मोबाइल आवृत्तीसाठी दहा वर्षांत घडलेली एकही ‘डीएफएफ ओन्ली’ गाडी तिच्यात जशीच्या तशी बसत नाही.